उस्तादांनी दिलेला शेवटचा चार्ज

मी फौजेत नायक असताना आमची कंपनी उत्तरेकडच्या एका बर्फाळ डोंगरावर होती. पोस्टचं नाव लिहीत नाही, लिहून कुणाचं भलंही होणार नाही. दगडी भिंत, दोन झोपड्या, एक स्टोव्ह, एक रेडिओ सेट आणि आम्ही दहा जणांचं एक सेक्शन. सेक्शन कमांडर हवालदार देवजी घाटाळ. मनोरच्या पलीकडे डोंगरात त्यांचं गाव. मी एडवणचा, मच्छीमाराचा मुलगा, आडनाव तांडेल. दोघेही पालघर तालुक्यातले, पण त्यांना पोहता येत नव्हतं आणि मला चढता येत नव्हतं. आम्ही त्यांना उस्ताद म्हणायचो. पुढे ते सुभेदार होऊन रिटायर झाले, तरी माझ्या तोंडी उस्तादच राहिलं.

पोस्टवरचं रूटीन साधं होतं. पहाटे स्टँड-टू, म्हणजे हत्यारं घेऊन मोर्चावर तयार उभं राहणं, मग दारातला बर्फ फावड्याने काढणं, चहासाठी बर्फ वितळवणं, हत्यारांची सफाई, दहा वाजता रेडिओवर रिपोर्ट. आठवड्यातून एकदा चार जणांचं पॅट्रोल खालच्या पोस्टपर्यंत जायचं, रॉकेल आणि टपाल आणायला. वाटेत एक नाला ओलांडावा लागे. उन्हाळ्यात तिथे पाणी वाहतं म्हणे. आम्ही तो कायम बर्फाने भरलेलाच पाहिला.

पॅट्रोलवर निघण्याआधी उस्ताद मला चार्ज द्यायचे. फौजेत एक तुकडी जाऊन दुसरी येते तेव्हा जुना कमांडर नव्याला सगळी पोस्ट फिरून दाखवतो. कुठला दगड सैल आहे, कुठली दोरी जुनी झाली, पाणी कुठे, धोका कुठे. त्याला हँडिंग-टेकिंग म्हणतात. पण ते सहा महिन्यांतून एकदा. उस्ताद तीन-चार तासांच्या पॅट्रोलला निघताना पूर्ण हँडिंग-टेकिंग करायचे. स्टोव्हची कुठली पिन अडकते, कुणाला घरून पत्र आलेलं नाही म्हणून त्याच्याशी दोन शब्द बोलायचे, रेडिओची कुठली बॅटरी दगा देते, सगळं. आणि शेवटी म्हणायचे, "चार्ज दिला."

"चार्ज घेतला, उस्ताद."

"कोई शक?"

फौजेत प्रत्येक ऑर्डरच्या शेवटी हा प्रश्न येतो. कुणाला काही विचारायचं आहे का, एवढाच त्याचा अर्थ. मी म्हणायचो, "नाही, उस्ताद."

मला हा प्रकार मुळीच आवडायचा नाही. आमच्याकडे बोट समुद्रावर निघते तेव्हा कुणी मागून हाक मारत नाही. कधी येणार म्हणून विचारत नाही. परत न येण्याची गोष्ट तर ओठांवर आणत नाही. माझे वडील वादळात निघाले तरी आई दाराशी बसून मासळी निवडत राहायची, मान वर करायची नाही. आणि हे उस्ताद दर आठवड्याला अगदी चवीनं सांगणार, मी परत नाही आलो तर असं कर आणि तसं कर. एकदा मी त्यांना म्हटलं, "उस्ताद, तुमी असं बोललाव का माझ्या पोटात गोळा येतो."

ते बुटाची नाडी बांधत होते. म्हणाले, "गोळा तुझ्या पोटात येतो ना? माझ्या नाय येत. म्हनून तर बोलतो."

त्या सकाळी आकाश मोकळं होतं. पॅट्रोलमध्ये उस्ताद, शिपाई महादेव शिर्के आणि आणखी दोघे. महादेव साताऱ्याकडचा, पाटणजवळच्या एका वाडीतला. आईचा एकुलता एक. वडील लवकर गेलेले. सेक्शनमध्ये सगळ्यात जास्त खायचा आणि सगळ्यात कमी बोलायचा. उस्तादांनी मला नेहमीप्रमाणे सगळं सांगितलं, आणि नाल्याबद्दल जे दर वेळी सांगायचे तेही सांगितलं.

"नाल्यात मानूस बर्फाखाली गेला तर दिसेनासा झाला तिथं खनत बसू नको. वरून आलेलं सगलं खाली डाव्या वलनावर जाऊन बसतं. आमच्या ओहोळात पावसाची वाहून आलेली लाकडं मी तिथंच शोधतो. चार्ज दिला. कोई शक?"

"नाही, उस्ताद."

साधारण तासाभराने सेट वाजला.

"अल्फा वन फॉर अल्फा. नाला क्रॉस करतोय. ओव्हर."

"अल्फा वन, ओके. ओव्हर."

मग वरच्या बाजूला ट्रक रिकामा केल्यासारखा आवाज झाला. सेटवर काही क्षण नुसती खरखर होती. नंतर मागच्या जवानाचा आवाज आला. तो प्रोसीजर विसरला होता.

"बर्फ आला. उस्ताद दिसत नाहीत. महादेव दिसत नाही."

मी म्हटलं, "अल्फा वन, जागेवर थांबा. येतोय. आउट." माझा आवाज शांत होता. चार्ज माझ्याकडे होता, त्यामुळे दुसरा आवाज काढायची सोयच नव्हती.

आम्ही फावडी आणि लांब सळ्या घेऊन उतरलो. ते दोघे जिथे उस्ताद शेवटचे दिसले तिथे हातांनी बर्फ उपसत होते. त्यांची बोटं फाटली होती. मी त्यांना खाली डाव्या वळणावर जायची ऑर्डर दिली. एक जण ओरडला की ते इथेच होते, मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय. मी त्याला कॉलर धरून उठवला. वळणावर ओळीने उभे राहून आम्ही सळ्या खुपसत गेलो. बऱ्याच वेळाने एका सळीला मऊ काहीतरी लागलं.

आधी बूट निघाला, मग पाय, मग उस्ताद. चेहरा निळा पडला होता. दोन्ही हात तोंडापुढे धरलेले होते, त्यामुळे श्वासापुरती जागा राहिली होती. डोळे उघडल्यावर त्यांनी विचारलं, "महादेव?"

मी त्यांच्या मानेवरचा बर्फ काढत राहिलो.

"पोस्ट?"

"पोस्ट माझ्याकडे आहे, उस्ताद."

त्यांनी डोळे मिटले. महादेव दुपारी सापडला, त्यांच्याच खाली, बराच खोल. त्याचे हात तोंडापुढे नव्हते. ते वर होते, उस्तादांना वर ढकलल्यासारखे. बर्फात हात कसेही होऊ शकतात, हे मला कळतं. तरी मी जे पाहिलं ते पाहिलं.

उस्तादांच्या पायाची दोन बोटं काढावी लागली. हॉस्पिटलात मी भेटायला गेलो तेव्हा त्यांना विचारलं, खाली काय आठवलं. घर आठवलं का, देव आठवला का.

"कायच नाय आठवलं," ते म्हणाले. "चार्ज देऊन निघालो होतो. हात मोकले होते. वाटलं, आता जे व्हायचं ते होईल. झोप येत होती." मग भिंतीकडे बघत म्हणाले, "त्या पोराकडून चार्ज घ्यायला कोन होतं?"

हॉस्पिटलातून सुटल्यावर ते घरी गेले नाहीत. कुबड्या घेऊन आधी पाटणला महादेवच्या आईकडे गेले. तिने एकच विचारलं, थंडी फार होती का. ते म्हणाले, होती, पण मी त्याच्याजवळच होतो. त्या दिवसापासून दर रविवारी सकाळी ते तिला फोन करत आले. आधी वाडीतल्या दुकानाच्या फोनवर, मग तिला मोबाइल घेऊन दिला. तिची म्हैस, तिचे गुडघे, पाण्याची टाकी, सगळं त्यांना तोंडपाठ. तिला ते आई म्हणायचे. वयात फार फरक नव्हता, तरी आईच.

मी हवालदार होऊन रिटायर झालो. पाम गावात घर बांधलं आणि जवळच बोईसर एमआयडीसीत एका कारखान्यात सिक्युरिटी सुपरवायझर लागलो. गेटवर सगळा दिवस हिंदीत जातो. यूपी-बिहारचे कामगार मला फौजी अंकल म्हणतात आणि हेल्मेट न घालता माझ्यासमोरून जायचा प्रयत्न करतात. उस्ताद गावी भात आणि नागली करत होते. महिन्या दोन महिन्यांनी मी चिल्हारवरून मनोरला बाइक काढायचो, येताना त्यांच्याकडचे वाल किंवा करांद्याचे कंद घेऊन यायचो, जाताना सुके बोंबील न्यायचो. वहिनींना, म्हणजे उस्तादांच्या बायकोला, बोंबील पोचले की माझं आगतस्वागत जास्त व्हायचं.

गेल्या दिवाळीनंतर उस्तादांचं पोट दुखू लागलं. मुंबईच्या डॉक्टरांनी गाठ सांगितली. फार उशीर झालाय, म्हणाले. उस्तादांनी डॉक्टरांना विचारलं, पावसाळा बघेन का? डॉक्टर म्हणाले, सांगता येत नाही. उस्ताद घरी आले आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी मुलाला शेतावर नेलं. हँडिंग-टेकिंग सुरू झालं.

मी गेलो तेव्हा ते पोराला बैल दाखवत होते. "याच्या डाव्या अंगानं गेलास का लाथ मारतो. उजवीकडून देवमानूस हाय." कुठला बांध दर पावसात फुटतो, कुठल्या आंब्याला मोहोर येतो पण फळ धरत नाही, झऱ्याचं पाणी आटलं की कुठल्या दगडाखाली खणायचं, रोज थोडं थोडं. मुलगा टेम्पो चालवतो. आधी तो ऐकताना रडायचा. मग नुसता ऐकायला लागला. मग प्रश्न विचारायला लागला. मला वाटतं, बापाला हेच हवं होतं.

घराच्या मागे लाकडं रचलेली होती. ऐनाची, वाळलेली, एका मापाची. मी विचारलं, इतकं सरपण कशाला?

"माझ्यासाठी," उस्ताद म्हणाले. "पावसात गेलो तर पोरांनी ओली लाकडं घेऊन कुठं धावायचं? रॉकेल ओतून ओतून जालतात, बघवत नाय."

वहिनी पाणी घेऊन येत होत्या. त्यांनी ऐकलं. तांब्या जोरात ठेवला आणि म्हणाल्या, "सुभेदार झाला, अक्कल नाय आली. जित्या मानसाची लाकडं कोन रचतं?" आणि आत निघून गेल्या. पुढच्या वेळी गेलो तेव्हा लाकडांवर जाड ताडपत्री होती आणि तिच्या चारी कोपऱ्यांना दगड. उस्ताद हळूच म्हणाले, "तिनंच घातली."

मी बरेच शूर लोक पाहिले आहेत. गोळी चालताना पुढे जाणारे पाहिले. पण चुलीपुढे बसून, भाकरी खात, आपल्या चितेची लाकडं कोरडी आहेत ना म्हणून बायकोला विचारणारा एवढा एकच पाहिला.

माझं मात्र वेगळंच चाललं होतं. कारखान्याच्या मेडिकलमध्ये माझ्या हृदयात तीन ब्लॉकेज निघाले होते. डॉक्टर म्हणाले, बायपास करा, थांबू नका. मी थांबलो होतो. बायको सुनंदाला सांगितलं होतं की गॅस आहे. टेबलावर आपली छाती उघडणार, या विचारानेच मला घाम फुटायचा. फौजेत इतकी वर्षं काढून मी असा होतो. मरण आलं तर अचानक यावं, मला कळूच नये, असं मनात धरून बसलो होतो.

उस्तादांच्या घरापर्यंत थोडी चढण आहे. त्या दिवशी मी मध्ये दोनदा थांबलो. ते खाटेवरून बघत होते.

"तांडेल, दम का लागतो?"

"वय झालं, उस्ताद."

"वय मला झालंय. तुला काय झालंय ते सांग."

सांगितलं. माझ्याकडून त्यांनी नेहमीच सगळं काढून घेतलं आहे. ऐकून त्यांनी वहिनींना चहा टाकायला सांगितलं. वहिनींनी चहा आणला. चहा संपल्यावर ते म्हणाले, "माझ्याकडं शेवटचा एक चार्ज राहिलाय. पाटनची आई. रविवारचा फोन. तो तुला द्यायचा ठरवला होता. आता नाय देत."

"का?"

"घेनारा फिट नाय. तिचा एकदा पोरगा गेला, आता मी चाललो. तू पन वर्षभरात गेलास तर तिनं किती येला सोसायचं? आधी ऑपरेशन करून ये. मग चार्ज. कोई शक?"

"आहे," मी म्हटलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. "तुम्हाला भीती नाही वाटत?"

त्यांनी रिकामा कप खाली ठेवला. "वाटते ना. पहाटे वाटते. मग उठून बसतो आनि बघतो, कोनाला काय द्यायचं राहिलं. कायतरी निघतंच. ते देऊन टाकतो. तेवडी भीती कमी होते. बर्फाखाली कायच राहिलं नव्हतं, म्हनून झोप येत होती. इथं अजून थोडं हाय."

"आणि सगळं देऊन झाल्यावर?"

"मग बसायचं. तुझ्यासारखा कोन आला तर चहा प्यायचा."

मी घरी आलो आणि सुनंदाला सांगितलं. ती विक्रीसाठी सुकट पाखडत होती. हात थांबला नाही.

"मला ठाव होतं," ती म्हणाली. "गॅस झालेला मानूस जिन्यात थांबून भिंत धरत नाय."

ऑपरेशनच्या आधल्या दिवशी मी तिला चार्ज द्यायला बसलो. पेन्शनचं, गॅसच्या पाइपचं, विहिरीच्या मोटरचं. तिने कानांवर हात ठेवले. "आमच्यात असलं बोलत नाय. तुमच्या घरी पन बोलत नव्हते." मी म्हटलं, मला बोलू दे, मला बरं वाटतंय. खरंच वाटत होतं. बोलता बोलता छातीतला दगड हलका होत होता. ती उठून ओट्याकडे गेली, भांडी आपटली, परत आली.

"मोटरचं परत सांगा," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी स्ट्रेचर आत नेताना तिने मला हाक मारली नाही. आमच्या बायकांची रीत तिने पाळली आणि मी उस्तादांची. वरचे दिवे बघताना माझे हात खरंच मोकळे होते. झोप येत होती, ती इंजेक्शनची असेल. पण भीती नव्हती, आणि ते इंजेक्शनने झालं नव्हतं.

होळीनंतर उस्तादांचा मुलगा मला टेम्पोतून त्यांच्याकडे घेऊन गेला. उस्ताद आता खाटेवरून उठत नव्हते. माझ्या छातीवरचे टाके बघून म्हणाले, "शिवन बरी केलीय." रविवार होता. त्यांनी फोन लावला आणि स्पीकरवर ठेवला.

"आई, घाटाळ बोलतो."

"आवाज का रं असा बारीक?"

"आई, माला पोटाचा आजार हाय. मी आता फार दिवस नाय. तुला दुसऱ्या कोनाकडून कलायला नको म्हनून सांगतो."

पलीकडे म्हैस ओरडल्याचा आवाज आला. मग ती म्हणाली, "दुकतंय का लई?"

"रात्री दुकतं. आता नाय."

"भ्यालायस?"

"नाय, आई."

"मग बरं," ती म्हणाली. "महादेवाला भेटलास तर सांग, आय बरी हाय म्हनावं. गुडघं सोडलं तर बरी हाय."

"सांगतो."

"आन माझ्याशी बोलायला कोन?"

"तांडेल हाय. त्यानंच माला बर्फातून काढला. घे, बोल त्याच्याशी."

त्यांनी फोन माझ्या हातात दिला. मी म्हटलं, "आई, पुढच्या रविवारी मी करतो." ती म्हणाली, "कर बाबा." फोन ठेवल्यावर उस्ताद माझ्याकडे बघत राहिले. मला कळलं, काय राहिलंय.

"चार्ज घेतला, उस्ताद," मी म्हटलं.

"कोई शक?"

"नाही, उस्ताद."

त्यांनी मान वळवली आणि ते झोपले. वहिनींनी चादर वर ओढली.

उस्तादांनी पावसाळा पाहिला. शेतात लावणी पुरी होऊन रोप उभं राहिलेलं खाटेवरून पाहिलं. भर पावसात, दुपारच्या वेळी, वहिनी डोक्याशी आणि मुलगा पायाशी बसलेला असताना ते गेले. तालुक्यातले आम्ही जे माजी सैनिक होतो ते रेनकोटवर मेडल लावून पोचलो. ओहोळ भरून वाहत होता. वहिनींनी स्वतः ताडपत्रीचे दगड बाजूला केले. स्मशानातल्या पत्र्याखाली रचलेल्या त्या लाकडांनी लगेच पेट घेतला. रॉकेल कुणी मागितलं नाही. मी सॅल्यूट केला. छाती थोडी दुखली, पण हात पूर्ण वर गेला.

रविवारी सकाळी मी पाममध्ये ओट्यावर बसून पाटणला फोन लावला. सुनंदा आतून ऐकत होती.

"आई, तांडेल बोलतो. घाटाळ उस्ताद गेले."

मी थांबलो. उस्तादांनी सांगून ठेवलं होतं, ती गप्प राहिली की तिला गप्प राहू द्यायचं.

"पोचला आसंल का रं आतापतूर?" तिने विचारलं.

"पोचले असतील, आई."

"मग निरोप दिला आसंल त्यानं. घाटाळ विसरायचा न्हाई." तिने नाक ओढलं. "बरं, ऐक. म्हशीनं दोन दिस वैरन तोंडाला लावली न्हाई."

मी पाय वर घेऊन नीट बसलो आणि म्हटलं, "सांगा, आई."